टीव्हीचा डबा उघडणारा माणूस

नाम जून पाईक इंजिनिअर नव्हता. हे आधीच सांगून टाकलेलं बरं, कारण पुढे त्याने काय काय केलं ते वाचताना हा आपल्याच ब्रँचचा कुणीतरी सीनियर असणार असं वाटत राहील. तो होता पियानो वाजवणारा, संगीताचा अभ्यास केलेला एक श्रीमंत घरचा मुलगा. आणि तरीही टीव्ही आणि कॅमेरा घेऊन जगात जे कोणी कलाकृती बनवतात, ते सगळे त्याला व्हिडिओ आर्टचा बाप मानतात.

नावाबद्दल एक सांगते. कोरियात आडनाव आधी लावतात आणि त्याचा खरा उच्चार बेकच्या जवळ जातो. मी इंग्रजी स्पेलिंगवरून पाईक लिहितेय. मराठीत पाईक म्हणजे निष्ठेने चाकरी करणारा. हा गडी आयुष्यभर कुणाच्याच चाकरीत रमला नाही, पण असो.

त्याचा जन्म २० जुलै १९३२चा, सोलमधला. तेव्हा कोरियावर जपानचं राज्य होतं. वडिलांचा कापडाचा मोठा धंदा, पाच भावंडांत हा शेंडेफळ. घरात पियानो होता आणि शिकवायला चांगले गुरू होते. शाळेत असतानाच त्याला आर्नोल्ड शोनबर्ग या संगीतकाराचं वेड लागलं. शोनबर्ग म्हणजे ज्याने बाराही स्वरांना सारखाच मान दिला तो. आपल्याकडे समजा कुणी येऊन सांगितलं, की षड्ज नाहीच, घर म्हणून परत यायला एकही सूर नाही, तर गाण्याच्या क्लासमधले गुरुजी काय करतील? तसंच काहीसं. अशा माणसाच्या प्रेमात हा पोरगा पंधरा-सोळाव्या वर्षी पडला, यावरून पुढचा अंदाज यायला हरकत नाही.

१९५० साली कोरियात युद्ध पेटलं आणि कुटुंबाने देश सोडला. शेवटी सगळे जपानला पोचले. टोकियो विद्यापीठातून तो १९५६ साली पदवीधर झाला, प्रबंध अर्थातच शोनबर्गवर. लगेच पुढच्या शिक्षणासाठी पश्चिम जर्मनी. आधी म्युनिक, मग फ्रायबर्ग. इथपर्यंतची गोष्ट एखाद्या हुशार, सुस्थितीतल्या मुलाची असते तशीच आहे.

१९५८ साली डार्मश्टाटच्या उन्हाळी संगीत वर्गात त्याला जॉन केज भेटला. केज हा अमेरिकन संगीतकार. यानेच १९५२ साली ४ मिनिटं ३३ सेकंदांची अशी रचना केली, जिच्यात वादक काहीच वाजवत नाही, आणि सभागृहातली कुजबुज, खोकला, पावसाचा आवाज हेच संगीत. (या केजला भारतीय संगीताची ओळख करून देणाऱ्या बाई आपल्याकडच्या, अहमदाबादच्या गीता साराभाई. १९४६ साली न्यूयॉर्कमध्ये ती दोघं एकमेकांना शिकवत होती. हे कळल्यावर मला उगाचच बरं वाटलं.) पाईकवर केजचा परिणाम इतका झाला, की आपण ख्रिस्तपूर्व काळ मोजतो तसा तो पुढे गमतीने केजपूर्व काळ मोजायचा.

यानंतरची दोन-तीन वर्षं पाईकने जे केलं, ते वाचताना मला पहिल्यांदा सरळ वैताग आला. १९६० साली कोलोनमध्ये एका चित्रकर्तीच्या स्टुडिओत तो पियानो वाजवत होता. मध्येच उठला, प्रेक्षकांत बसलेल्या केजकडे गेला आणि कात्रीने त्याचा टाय कापून टाकला. मग केजच्या आणि शेजारी बसलेल्या डेव्हिड ट्यूडर या पियानिस्टच्या डोक्यावर शॅम्पू ओतला आणि दारातून बाहेर पळाला. लोक बसून राहिले, काय करावं कुणालाच कळेना. थोड्या वेळाने स्टुडिओतला फोन वाजला. पाईकने बाहेरून फोन करून कार्यक्रम संपल्याचं कळवलं होतं!

१९६२ सालची व्हायोलिनची रचना अशी, की वाद्य दोन्ही हातांनी हळूहळू, अगदी दिसणार नाही इतक्या सावकाश वर उचलायचं आणि एका फटक्यात टेबलावर आपटून फोडायचं. त्याच वर्षी स्वतःचं डोकं शाई आणि टोमॅटोच्या रसात बुडवून त्याने जमिनीवर पसरलेल्या कागदाच्या लांब पट्टीवर केसांनी रेघ ओढली. या मंडळींचा एक गट होता, फ्लक्सस नावाचा. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं, की कला काचेच्या कपाटात ठेवायची वस्तू नाही. म्हणणं पटतं. पण एका मुलीने क्लासच्या फीसाठी वर्षभर पैसे साठवून घेतलेलं वाद्य जिने पाहिलंय, तिला व्हायोलिन फोडण्यात विद्रोहापेक्षा श्रीमंती जास्त दिसते. निदान मला दिसते.

पाईक एवढ्यावर थांबला असता तर मी त्याच्यावर लिहिलं नसतं.

कोलोनला रेडिओ केंद्राचा इलेक्ट्रॉनिक संगीताचा स्टुडिओ होता. सिग्नल जनरेटर, फिल्टर, टेप रेकॉर्डर, म्हणजे आपल्या लॅबमधलीच भावंडं, यांतून तिथे संगीत बनायचं. पाईकच्या डोक्यात आलं, की आवाजाच्या सिग्नलशी हे सगळे खेळतच आहेत. पण घरोघरी जो टीव्ही आलाय, तोही इलेक्ट्रॉनिक्सच. त्याच्या सिग्नलला कुणीच हात लावलेला नाही. मग १९६१च्या अखेरीस त्याने एक गोष्ट केली, जी मला त्याच्या सगळ्या फोडाफोडीपेक्षा जास्त धाडसाची वाटते. आपली सगळी पुस्तकं त्याने कुलूपबंद करून टाकली. टीव्हीच्या तंत्राची तेवढी बाहेर ठेवली. गावाबाहेर एक वेगळी जागा घेतली, जुने टीव्ही सेट आणले आणि मित्रांनाही पत्ता न लागू देता वर्षभर फक्त इलेक्ट्रॉनिक्स शिकत बसला. वय एकोणतीस. शिक्षक नाही, सिलॅबस नाही, परीक्षा नाही. आपल्याला सिलॅबस, शिक्षक आणि परीक्षा तिन्ही असूनही सबमिशनच्या आदल्या रात्रीच पुस्तक उघडतं, त्यामुळे हा भाग मी दोनदा वाचला.

या वर्षाचं फळ लोकांना दिसलं ते ११ ते २० मार्च १९६३ या दहा दिवसांत, वुपर्टाल गावी. रॉल्फ येर्लिंग नावाच्या आर्किटेक्टच्या बंगल्यात गॅलरी पार्नास चालायची, तिथे. प्रदर्शनाच्या नावातच संगीत आणि इलेक्ट्रॉनिक टेलिव्हिजन असे दोन्ही शब्द होते. प्रदर्शन संध्याकाळी साडेसात ते साडेनऊ एवढंच उघडं असे. पश्चिम जर्मनीत तेव्हा एकच चॅनल होतं आणि पाईकला चालू प्रक्षेपण हवं होतं, म्हणून. दुसरं चॅनल सुरू झालं ते १ एप्रिलला, प्रदर्शन संपल्यावर. दारात बैलाचं खरं मुंडकं टांगलेलं. आत चार पियानो, त्यांच्या तारांत आणि पट्ट्यांवर काय वाटेल ते अडकवलेलं. उद्घाटनाच्या संध्याकाळी योझेफ बॉइस हा शिल्पकार कुऱ्हाड घेऊन आला आणि त्याने त्यातला एक पियानो फोडून काढला. हे कुणी ठरवलेलं नव्हतं. वर्तमानपत्रांना अर्थातच बैल आणि कुऱ्हाड दिसली.

पण खरी गोष्ट बाजूच्या खोलीत होती. तिथे डझनभर सेकंडहँड टीव्ही इकडेतिकडे ठेवले होते, काही आडवे, काही उलटे. सगळ्यांवर तोच एक कार्यक्रम यायचा आणि प्रत्येकावर वेगळाच दिसायचा.

इथे जरा आपली भाषा बोलूया. ज्यांनी फर्स्ट इयरला सीआरओ हाताळलाय त्यांना हे लगेच कळेल. जुन्या पिक्चर ट्यूबमध्ये मागच्या गनमधून इलेक्ट्रॉनचा एकच झोत निघतो. मानेभोवतीच्या डिफ्लेक्शन कॉइल्स त्याला डावी-उजवीकडे आणि वर-खाली फिरवतात आणि हा एकटा ठिपका इतक्या वेगाने पडदाभर फिरतो, की आपल्याला चित्र दिसतं. म्हणजे टीव्हीवर चित्र कधी नसतंच, एक ठिपका धावत असतो. पाईकने याच धावण्यात बोट घातलं. एका सेटमध्ये डिफ्लेक्शनला बाहेरून साईन वेव्ह दिली, त्यामुळे निवेदकाचा चेहरा पाण्यातल्या प्रतिबिंबासारखा हलायला लागला. एकात काळ्याचं पांढरं केलं. एक सेट रेडिओला जोडला. पडद्यावर नुसता एक प्रकाशाचा ठिपका, आणि रेडिओचा आवाज वाढवला की ठिपका मोठा. एका सेटला मायक्रोफोन होता. पायाने स्विच दाबून त्यात बोललं, की पडद्यावर ठिपक्यांचा स्फोट.

हा शेवटचा सेट मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो. टीव्ही तोवर फक्त सांगायचा आणि माणसं ऐकायची. इथे पहिल्यांदा माणूस बोलला आणि टीव्हीने ऐकलं.

आणि एक सेट चक्क बिघडलेला होता. वाहतुकीत त्याचं काहीतरी तुटलं आणि पडद्यावर एकच पांढरी रेघ उरली. हा फॉल्ट आजी-आजोबांच्या घरी ज्यांनी जुना टीव्ही पाहिलाय त्यांच्या ओळखीचा असेल. व्हर्टिकल डिफ्लेक्शन गेलं, की अख्खं चित्र दबून मधोमध आडवी रेघ होते. आमच्या आजोळी ती रेघ दिसली, की गल्लीतल्या रिपेअरवाल्या काकांना बोलावणं जायचं. पाईकने काकांना बोलावलं नाही. त्याने सेट आडवा पाडला, त्यामुळे रेघ उभी झाली, आणि त्याला झेन हे नाव देऊन प्रदर्शनात ठेवला. अंधाऱ्या खोलीत काळ्या काचेवर एक उभी पांढरी रेघ. मी फोटोच पाहिलाय, पण बराच वेळ पाहत बसले. आपल्याला फॉल्ट म्हणजे दुरुस्त करायची गोष्ट असंच शिकवतात, आणि ते बरोबरही आहे. पूल आणि लिफ्ट बनवणाऱ्यांनी पाईकचं ऐकू नये. पण फॉल्ट झाला तेव्हाच आतलं यंत्र दिसतं, नीट चालणाऱ्या टीव्हीत ते कधीच दिसत नाही, हे त्या रेघेकडे पाहून कळतं.

त्याच वर्षी तो जपानला परतला आणि त्याला शुया आबे भेटला. आबे खरा इलेक्ट्रॉनिक्सचा इंजिनिअर. दोघांनी मिळून १९६४ साली एक रोबॉट बनवला, रेडिओ कंट्रोलवर चालणारा, वीस चॅनलचा. नाव के-४५६. हा मोत्झार्टच्या एका पियानो कॉन्चेर्टोचा क्रमांक आहे. भंगारातून जमवल्यासारखा दिसणारा हा पत्र्याचा माणूस लडखडत चालायचा, त्याच्या तोंडातून केनेडीच्या भाषणाची टेप वाजायची आणि मागून तो घेवड्याचे दाणे टाकायचा. हो, म्हणजे तेच. रोबॉट म्हणजे माणसापेक्षा बलवान आणि अचूक असं काहीतरी, या कल्पनेची एवढी सभ्य टिंगल दुसरी झाली नसेल. पुढे १९८२ साली न्यूयॉर्कच्या व्हिटनी म्युझियममध्ये पाईकचं मोठं प्रदर्शन भरलं, तेव्हा के-४५६ला रस्त्यावर फिरायला नेलं आणि मॅडिसन अव्हेन्यूवर ठरवून एका गाडीखाली घातलं. एकविसाव्या शतकातला पहिला अपघात अशी त्याची नोंद पाईकने अठरा वर्षं आधीच करून टाकली.

१९६४ साली तो न्यूयॉर्कला गेला तो तिथलाच झाला. १९६५ सालचा त्याचा चुंबकाचा टीव्ही प्रसिद्ध आहे. ब्लॅक अँड व्हाईट सेटवर कारखान्यातला मोठा नालाकृती चुंबक ठेवलेला, बस. चुंबक सरकवला, की पडद्यावरचा प्रकाश गुंडाळला जातो, झालरीसारखा पसरतो. बारावीच्या फिजिक्समधलं समीकरण, चार्ज, वेग आणि मॅग्नेटिक फील्ड, इथे डोळ्यांना दिसतं. आणि चुंबक काढला, की चित्र जागेवर. घरच्या रंगीत टीव्हीवर हा प्रयोग ज्यांनी केलाय त्यांना कोपऱ्यातला हिरवा-जांभळा डाग आठवत असेल. तो रंगीत ट्यूबच्या आतल्या जाळीमुळे राहतो आणि त्यावरून मारही बसतो.

त्याच वर्षीची एक दंतकथाही आहे. ४ ऑक्टोबर १९६५ रोजी पोप न्यूयॉर्कला आले होते. पाईकने नवाकोरा सोनीचा व्हिडिओ कॅमेरा घेऊन टॅक्सीतून ती मिरवणूक टिपली आणि त्याच रात्री एका कॅफेत दाखवली, आणि तोच व्हिडिओ आर्टचा जन्म, असं अनेक पुस्तकांत असतं. अभ्यासकांनी हिशोब मांडलाय, की सोनीचा तो खांद्यावर न्यायचा सेट बाजारात यायला अजून दोन वर्षं होती. जन्मतारखेचा हट्ट सोडावा हे बरं. मुलाचा जन्म वुपर्टालच्या बंगल्यातच झाला होता.

न्यूयॉर्कमध्ये त्याला शार्लट मूरमन मिळाली. शास्त्रोक्त शिकलेली सेलोवादक. पाईकचं म्हणणं होतं, की चित्रकलेत आणि साहित्यात शरीर आहे, मग संगीतातच ते का झाकून ठेवायचं? ९ फेब्रुवारी १९६७ रोजी त्याच्या एका रचनेत ती अर्धवस्त्र अवस्थेत सेलो वाजवत असताना पोलिसांनी कार्यक्रम थांबवून दोघांना पकडलं. खटला चालला. पाईक सुटला, मूरमन दोषी ठरली. शिक्षा स्थगित झाली, तुरुंगात जावं लागलं नाही, पण वर्तमानपत्रांनी तिचं नाव त्या एका रात्रीशी कायमचं बांधून टाकलं. कल्पना त्याची आणि किंमत तिने मोजली. पाईकचे चाहते या भागावरून पटकन पुढे जातात, मला ते जमत नाही. हेही खरं, की त्यानंतरही तिने त्याच्याबरोबर काम सोडलं नाही. १९७१ साली तीन टीव्ही एकावर एक रचून त्यांचा सेलो केला, तो ती वाजवायची आणि पडद्यांवर तिचीच चित्रं हलायची. १९९१ साली ती कॅन्सरने गेली, तोवर ही साथ टिकली.

आता आबेकडे परत. १९६९च्या सुमारास पाईक बॉस्टनच्या डब्ल्यूजीबीएच या टीव्ही केंद्रात काम करत होता. तिथली यंत्रं महाग, तास मोजून मिळायची आणि चित्र खराब करायला निघालेल्या माणसाला तिथे कोण फिरकू देणार? त्याला हवं होतं स्वस्त यंत्र, पियानोसारखं, समोर बसून चित्र वाजवता येईल असं. त्याने आबेला बोलावलं. पाईक कल्पना सांगायचा आणि आबे सर्किट बसवायचा. पाळतीसाठी वापरायचे साधे ब्लॅक अँड व्हाईट कॅमेरे घेतले. सात इनपुट, प्रत्येकाला वेगळा रंग, ते एकमेकांत मिसळायचे, आणि कॅमेरा मॉनिटरकडेच वळवून फीडबॅक घ्यायचा. १ ऑगस्ट १९७० रोजी या यंत्रावर सलग चार तास लाईव्ह प्रक्षेपण झालं, पार्श्वसंगीताला बीटल्सची गाणी. रस्त्यावरच्या लोकांनाही आत बोलावून नॉब फिरवायला दिले.

यंत्राचं नाव पाईक-आबे सिंथेसायझर. दोन्ही नावं, जोडून. ही गोष्ट छोटी वाटेल, पण ज्यांनी चार जणांच्या ग्रुपमध्ये मिनी प्रोजेक्ट केलाय त्यांना विचारा. रात्रभर सोल्डरिंग कुणी केलं आणि प्रेझेंटेशनला पुढे कोण उभं राहिलं, हा प्रश्न प्रत्येक हॉस्टेलला माहीत आहे. कलेच्या जगात तर इंजिनिअरला तंत्रज्ञ म्हणून तळटीपेत ढकलायची पद्धतच. पाईकला सर्किट कळत होतं, म्हणूनच बहुधा त्याला आबेची किंमत कळली. ते गुप्तपणे काढलेलं वर्ष इथे कामाला आलं.

१९७४ सालचा टीव्ही बुद्ध अपघाताने झाला. न्यूयॉर्कच्या एका गॅलरीतल्या प्रदर्शनात एक भिंत रिकामी राहत होती. पाईककडे बुद्धाची एक जुनी मूर्ती होती, पैसे गुंतवायचे म्हणून विकत घेतलेली. ती त्याने मांडली, समोर टीव्ही, आणि टीव्हीमागे कॅमेरा मूर्तीकडे तोंड करून. बुद्ध टीव्ही बघतोय आणि टीव्हीवर बुद्ध दिसतोय. क्लोज्ड सर्किट, दुसरं काही नाही. तो ध्यानस्थ आहे, की स्वतःच्या चेहऱ्यात अडकलाय? मोबाईलचा पुढचा कॅमेरा यायला अजून कित्येक वर्षं होती.

त्याच वर्षी रॉकफेलर फाउंडेशनला दिलेल्या एका अहवालात त्याने इलेक्ट्रॉनिक सुपरहायवे ही कल्पना मांडली. अमेरिकेने जसे देशभर महामार्ग बांधले तसे आता सिग्नलचे महामार्ग बांधा, उपग्रह, कोअॅक्शियल केबल, पुढे लेझर आणि फायबर, असं त्याचं म्हणणं. माणसांनी प्रवास करायचा तो विचारांनी करावा. मुंबई दूरदर्शन सुरू होऊन तेव्हा जेमतेम दोन वर्षं झाली होती, यावरून काळाचा अंदाज घ्या.

१९७७ साली त्याने शिगेको कुबोटाशी लग्न केलं. तीही व्हिडिओ कलाकार, स्वतंत्र लेखाची धनी. १९७९पासून ड्युसेलडॉर्फच्या कला अकादमीत तो प्राध्यापक होता.

जॉर्ज ऑर्वेलने कादंबरीत रंगवलेलं १९८४ साल उजाडलं. सत्तेचा पडदा प्रत्येकावर नजर ठेवून आहे, असं ते भाकीत होतं. १ जानेवारीला पाईकने उपग्रहावरून न्यूयॉर्क आणि पॅरिस जोडून लाईव्ह कार्यक्रम केला आणि ऑर्वेललाच शुभ सकाळ म्हटलं. केज, बॉइस, मूरमन, कवी ॲलन गिन्सबर्ग, लॉरी अँडरसन सगळे त्यात. लिंक तुटत होत्या, दोन खंडांतली माणसं एकमेकांना चुकवत होती. ३६ हजार किलोमीटरवरच्या उपग्रहाला सिग्नल जाऊन यायला पाव सेकंद लागतोच, आणि बाकी गोंधळ माणसांचा. आज वर्गाच्या ऑनलाईन मीटिंगमध्ये माईक म्यूट राहतो तसंच सगळं. पाईकला त्याचं वाईट वाटलं नाही, त्याच्या लेखी लाईव्ह म्हणजे हेच. त्याच वर्षी, चौतीस वर्षांनी, तो पहिल्यांदा कोरियाला परतला. गेला तेव्हा युद्धातून पळालेला पोरगा होता, आला तेव्हा विमानतळावर पत्रकार उभे होते.

नंतरचा काळ मानसन्मानाचा, तो मी भरभर सांगते. १९९३ साली व्हेनिस बिएनालेत जर्मन दालनाला गोल्डन लायन मिळाला, दालनात हान्स हाके आणि हा कोरियन. १९९५ साली ३३६ टीव्ही आणि निऑनच्या नळ्या वापरून अमेरिकेचा भिंतभर नकाशा. १९९६ साली पक्षाघाताचा झटका आला, डावी बाजू लुळी पडली आणि व्हीलचेअर आली. १९९८ साली व्हाईट हाऊसमध्ये कोरियाच्या अध्यक्षांसाठी मेजवानी होती. राष्ट्राध्यक्ष क्लिंटनशी हात मिळवायला पाईक खुर्चीतून उठून उभा राहिला आणि त्याची पॅंट खाली घसरली. आत काही नव्हतं. क्लिंटन तेव्हा ज्या प्रकरणात अडकले होते ते बघता हा अपघात की शेवटचा परफॉर्मन्स, यावर अजून दोन तट आहेत. मी दुसऱ्या तटात. २००० साली गुगनहाईम म्युझियममध्ये त्याने लेझरचा धबधबा सोडला. २९ जानेवारी २००६ रोजी तो मायामीला गेला, त्र्याहत्तराव्या वर्षी. न्यूयॉर्कमध्ये अंत्यविधीला आलेल्या लोकांना कात्र्या दिल्या गेल्या. प्रत्येकाने शेजाऱ्याचा टाय कापला आणि तुकडे शवपेटीत त्याच्या अंगावर ठेवले.

राहिला एक मनोरा. कोरियात ग्वाचॉनच्या राष्ट्रीय म्युझियममध्ये १९८८ साली पाईकने १००३ टीव्हींचा साडेअठरा मीटर उंच मनोरा उभा केला. १००३ का, तर ३ ऑक्टोबर हा कोरियाचा स्थापना दिन, दहावा महिना, तिसरा दिवस. ट्यूब तापतात, म्हाताऱ्या होतात. पाईकच्या हयातीतच एकदा मॉनिटर बदलले होते. २०१८ साली धोका नको म्हणून मनोरा बंदच केला. मग वाद सुरू झाला. ट्यूबचे टीव्ही आता कुणी बनवत नाही. सरळ फ्लॅट स्क्रीन लावले तर तो पाईकचा मनोरा उरतो का? त्या फुगीर काचा, ती गरम होणारी मान, चुंबक जवळ नेला तर वळणारा झोत, हे सगळं काढून नुसतं चित्र ठेवायचं? की अंधारात तसाच उभा ठेवायचा?

चार वर्षं हे काम चाललं. जुने सेट शोधून आणून त्यांचे भाग काढले. ७३७ ट्यूब दुरुस्त झाल्या. २६६ होईनात, त्यांच्या जागी त्याच मापाचे एलसीडी बसवले. सप्टेंबर २०२२मध्ये मनोरा पुन्हा लागला. ट्यूब टिकाव्यात म्हणून दिवसभर नाही, ठरावीक तासच तो चालू ठेवायचा असं ठरलं.